फोर्तुनाचं चाक, नियती आणि ईश्वरी योजना: मध्ययुगीन युरोपातल्या दैवविचाराबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मध्ययुगीन लोक ज्याला ‘फोर्तुना’ म्हणायचे, ते म्हणजे आपलं नशीबच ना?

अर्धवट खरं आहे, आणि बहुतेक गैरसमज इथूनच सुरू होतात. आपण मराठीत नशीब, दैव, प्रारब्ध, योग हे शब्द एकमेकांच्या जागी सहज वापरतो. लॅटिनमध्ये लिहिणाऱ्या विचारवंतांनी मात्र चार शब्द काळजीपूर्वक वेगळे ठेवले. ‘प्रोविदेन्तिया’ म्हणजे देवाच्या मनात एकाच वेळी पूर्ण असलेली सगळ्या विश्वाची योजना. ‘फातुम’ म्हणजे तीच योजना काळात एकेक घटनेने उलगडत जाते तेव्हाचं तिचं रूप. मूळ धातू ‘बोलणे’ असा आहे, म्हणून फातुम म्हणजे ‘उच्चारलेलं’. ‘कासुस’ म्हणजे योगायोग. ‘फोर्तुना’चं खातं त्या मानाने मर्यादित आहे: पैसा, पद, कीर्ती, सत्ता, म्हणजे जे मिळतं आणि हातचं जातं ते.

प्रारब्ध हा शब्द तर इथे टाळलेलाच बरा. त्यात मागच्या जन्मीचं संचित गृहीत आहे आणि ख्रिस्ती विचारात मागचा जन्मच नाही. त्यामुळे ‘चांगल्या माणसाच्या वाट्याला हाल का?’ या प्रश्नाचं आपल्याकडे कीर्तनात सहज मिळणारं उत्तर त्यांना उपलब्ध नव्हतं. या अडचणीतूनच त्यांचा सगळा विचार उभा राहिला.

या विषयाचा मूळ ग्रंथ कोणता?

बोएथिअसचा ‘तत्त्वज्ञानाचं सांत्वन’. बोएथिअस रोमच्या बड्या घराण्यातला. ५१० साली तो कॉन्सुल, म्हणजे रोममधल्या सर्वांत मानाच्या पदाचा धनी झाला, ५२२ साली त्याचे दोन्ही मुलगे एकाच वेळी कॉन्सुल झाले आणि तो स्वतः इटलीचा गॉथ राजा थिओडोरिक याच्या दरबारात सर्वोच्च अधिकारी झाला. त्यानंतर थोड्याच काळात आल्बिनुस नावाच्या सिनेटरवर कॉन्स्टँटिनोपलच्या सम्राटाशी गुप्त संधान बांधल्याचा आरोप आला. बोएथिअस त्याच्या बाजूने उभा राहिला आणि स्वतःच राजद्रोहाच्या आरोपात अडकला. पाविया इथे कैदेत असताना त्याने हा ग्रंथ लिहिला आणि ५२४ च्या सुमारास त्याला ठार मारण्यात आलं.

ग्रंथाचे भाग पाच, एक गद्य आणि एक पद्य अशी गुंफण, एकूण ३९ कविता. तत्त्वज्ञान एका स्त्रीच्या रूपात कोठडीत येतं आणि आजाऱ्याला वैद्याने तपासावं तसं त्याला तपासतं: आधी सौम्य औषध, मग कडू. फोर्तुनाचा विषय दुसऱ्या भागात म्हणजे सौम्य औषधात येतो, नियती आणि स्वातंत्र्याचा चौथ्या-पाचव्यात. हा क्रम लक्षात ठेवावा. फक्त दुसरा भाग वाचून ‘बोएथिअस म्हणतो की सगळं चाकासारखं फिरतं’ असं सांगणाऱ्यांनी औषधाचा पहिलाच डोस घेतलेला असतो.

फोर्तुना स्वतःच्या बचावात काय म्हणते?

दुसऱ्या भागात तत्त्वज्ञान तिच्या वतीने बोलतं आणि तो युक्तिवाद बिनतोड आहे. तू आईच्या पोटातून उघडा आलास. पैसा, मानमरातब ही माझी माणसं, मी येते तेव्हा येतात आणि निघते तेव्हा निघतात. तुझं असं मी काय नेलं? आकाशाने उजेड दाखवून रात्री तो झाकला तर चालतो, समुद्र कधी शांत कधी खवळलेला चालतो, मग मीच एकसारखं का राहावं? चाक फिरवणं हा माझा खेळ. वाटलं तर वर चढ, पण खेळाच्या नियमाप्रमाणे खाली यायची वेळ आली की अन्याय झाला म्हणून ओरडू नकोस.

शेवटची अट सगळ्यात महत्त्वाची आहे. चाकावर बसणं ऐच्छिक आहे. मध्ययुगातलं चाक माणसाला ‘तुझं भविष्य ठरलेलं आहे’ असं सांगत नाही. ते विचारतं, की तू तिथे चढलास कशाला?

चाकाचं चित्र कसं वाचायचं?

बहुतेक चित्रांत चार माणसं असतात. डावीकडे एक जण वर चढतोय: ‘रेग्नाबो’, मी राज्य करीन. माथ्यावर मुकुट घालून बसलेला: ‘रेग्नो’, मी राज्य करतोय. उजवीकडे डोकं खाली होऊन घसरणारा, मुकुट निसटलेला: ‘रेग्नावी’, मी राज्य केलं होतं. तळाशी पडलेला: ‘सुम सिने रेग्नो’, मला राज्य नाही. पुष्कळदा ही चारही माणसं म्हणजे एकाच माणसाच्या चार अवस्था असतात. म्हणून चेहरा आणि कपडे जुळवून पाहावेत.

सर्वांत प्रसिद्ध चित्र ‘कार्मिना बुराना’ या मध्ययुगीन गाण्यांच्या संग्रहाच्या हस्तलिखितात, पहिल्या पानावर आहे. हस्तलिखित साधारण १२३० चं. ते १८०३ साली बव्हेरियातल्या बेनेडिक्टबॉयर्न मठात सापडलं आणि आता म्युनिकमध्ये आहे. त्यात फोर्तुना चाकाच्या मधोमध, बैलगाडीच्या भाषेत सांगायचं तर तुंब्याच्या जागी बसली आहे. गरगरणारे सगळे कडेला, ती मात्र स्थिर. त्यातल्याच एका गाण्यात माथ्यावर बसलेल्या राजाला बजावलं आहे, की पडायची भीती धर, कारण आसाखाली हेकुबा राणीचं नाव वाचायला मिळतं. ट्रॉयची ही राणी शेवटी दासी झाली.

गल्लत कुठे होते? टोकदार खिळे असलेलं चाक दिसलं तर ते बहुधा संत कॅथरिनचं, तिच्या छळाचं साधन. प्रत्येक कॅथेड्रलची गोल खिडकीही फोर्तुनाचं चाक नसते. बाझल आणि आमियाँ इथल्या खिडक्यांभोवती चढती-पडती माणसं कोरलेली आहेत, म्हणून तिथे तसं म्हणता येतं. कडेला माणसं नसतील तर ती नुसती खिडकी.

हे चाक म्हणजे आपलं कालचक्रच नव्हे का?

नाही. कालचक्रात युगं फिरतात, फोर्तुनाच्या चाकावर माणसाची ऐहिक पत फिरते. ख्रिस्ती काळ सरळ रेषेत जातो: निर्मिती, ख्रिस्ताचा जन्म, अंतिम न्याय. इतिहासाची पुनरावृत्ती होते ही कल्पना चर्चने अधिकृतपणे फेटाळली. ७ मार्च १२७७ रोजी पॅरिसचे बिशप एतिएन ताँपिए यांनी २१९ विधानांवर बंदी घातली. त्यांतलं एक असं होतं, की ३६,००० वर्षांनी सर्व ग्रह मूळ जागी आले की तेच परिणाम पुन्हा घडतील.

एकदेववादी धर्मात फोर्तुना देवी कशी काय टिकली?

देवी म्हणून नाही टिकली. ख्रिस्ती धर्मविचारक संत ऑगस्टीन यांनी तिच्यावर सडकून टीका केली: चांगल्या-वाईटाचा विचार न करता कोणालाही प्रसन्न होणाऱ्या देवीची पूजा कशासाठी? आयुष्याच्या अखेरीस स्वतःचे ग्रंथ तपासताना, तरुणपणी आपण हा शब्द फार वेळा वापरला याची त्यांनी खंत नोंदवली. ‘फातुम’बद्दल त्यांचा सल्ला व्यावहारिक होता. कोणी ईश्वरी इच्छेलाच नियती म्हणत असेल, तर त्याने अर्थ तोच ठेवावा, जीभ सुधारावी.

पण जीभ काही सुधारली नाही, आणि चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला इटालियन कवी दान्तेने वेगळीच वाट काढली. त्याच्या ‘इन्फेर्नो’ या नरकयात्रेच्या काव्याच्या सातव्या सर्गात कंजूष आणि उधळे एकमेकांवर मोठाले दगड ढकलत असतात. तिथे त्याचा वाटाड्या, रोमन कवी व्हर्जिल सांगतो, की देवाने जसे आकाशातल्या गोलांना चालक नेमले, तशी ऐहिक वैभवासाठी एक व्यवस्थापिका नेमली. ती संपत्ती एका वंशाकडून दुसऱ्या वंशाकडे, एका राष्ट्राकडून दुसऱ्याकडे वेळच्या वेळी हलवते. जे तिची स्तुती करायला हवेत तेच तिला शिव्या घालतात, पण ती आपल्या आनंदात असते, तिला त्या ऐकूच येत नाहीत. १३०२ साली फ्लॉरेन्समधून हद्दपार झालेल्या माणसाने हे लिहिलं आहे. म्हणून तो सर्ग आम्हाला कोणत्याही टीकेपेक्षा अधिक पटतो.

देवाला सगळं आधीच ठाऊक असेल, तर माणूस स्वतंत्र कसा?

बोएथिअसचं उत्तर तीन पायऱ्यांत आहे. पहिली: देवाला ‘आधी’ काही कळत नाही, कारण तो काळात नाही. अनंतत्व म्हणजे न संपणारं आयुष्य सबंध आणि एकदमच हाती असणं. दुसरी: म्हणून देवाचं ज्ञान हे भाकीत नसून पाहणं आहे. तिसरी: पाहण्याने गोष्ट सक्तीची होत नाही. तुम्ही एकाच वेळी सूर्य उगवताना आणि माणूस चालताना पाहताय. दोन्ही तुम्हाला निश्चित दिसतंय, पण सूर्याला उगवणं भाग आहे, माणूस मात्र आपल्या मर्जीने चालतोय.

चर्चेत चूक होते ती दुसऱ्या पायरीवर. ‘देव भविष्य बघतो’ असं म्हटलं की काळ पुन्हा आत घुसतो आणि सगळा युक्तिवाद कोसळतो.

नियतीपासून सुटका आहे का?

हे समजायला इंग्लंडच्या आल्फ्रेड राजाच्या नावावर असलेला जुन्या इंग्रजीतला अनुवाद अतिशय उपयोगी आहे. बोएथिअसने एका मध्याभोवती फिरणाऱ्या वर्तुळांची उपमा दिली होती: मध्याजवळ गेलात की फिरणं कमी, नियतीचा अंमलही कमी. अनुवादकाने तिथे सरळ गाडीचं चाक आणलं. आस म्हणजे देव. सगळी गाडी त्यावर, पण तो स्वतः फिरत नाही. तुंबा म्हणजे उत्तम माणसं, आसाला लागून, म्हणून त्यांना हिसके कमी. आरे म्हणजे मध्यम माणसं: एक टोक तुंब्यात, दुसरं बाहेरच्या घेरात, मन कधी वर कधी खाली. बाहेरचा घेर म्हणजे जमिनीवर आपटत, चिखल उडवत जाणारी माणसं. पण घेर आऱ्यांना धरून, आरे तुंब्याला आणि तुंबा आसाला, म्हणून वाईटातलं वाईटही मोडून पडत नाही. ज्याने बैलगाडीचं चाक जवळून पाहिलंय त्याला याहून वेगळा खुलासा लागणार नाही.

योगायोग खरंच असतो, की तोही ठरलेला?

अॅरिस्टॉटलकडून आलेलं उदाहरण सगळीकडे भेटतं. शेतकरी पेरणीसाठी जमीन खणतो आणि पुरलेलं सोनं सापडतं. कोणीतरी ते पुरलं हे एक कारण, याने खणलं हे दुसरं. दोन्ही खरी, पण त्यांची गाठ पडावी असा दोघांपैकी कोणाचाच हेतू नव्हता. योगायोग म्हणजे ही गाठ. तो विनाकारण नसतो, फक्त अनपेक्षित असतो.

तेराव्या शतकात धर्मतत्त्वज्ञ थॉमस अक्वायनस यांनी यात एक मजला चढवला. मालक दोन नोकरांना एकमेकांच्या नकळत एकाच जागी पाठवतो. भेट नोकरांना योगायोग वाटते, मालकाला नाही. योगायोग आहे की नाही हे कोणत्या पातळीवरून बघता त्यावर ठरतं.

चर्चने ज्योतिषावर बंदी घातली होती का?

सरसकट नाही. हवा, पीक, रोग, औषधाची वेळ यांसाठी ग्रह पाहणं मान्य होतं. वैद्याला ते यावंच लागे. वाद होता तो माणसाच्या इच्छेवर ग्रहांची सत्ता आहे का, यावर.

ऑगस्टीन यांचा मुख्य मुद्दा जुळ्यांचा. एकाच वेळी जन्मलेल्यांची आयुष्यं इतकी वेगळी का? ज्योतिषांच्या बाजूने निगिदिउस नावाच्या रोमनाचा जुना प्रयोग सांगितला जाई. त्याने कुंभाराचं चाक जोरात फिरवलं आणि एकाच जागी वाटावेत असे शाईचे दोन ठिपके झटपट मारले. चाक थांबलं तेव्हा ठिपके एकमेकांपासून बरेच लांब निघाले. आकाश याहून वेगाने फिरतं, म्हणून क्षणाच्या फरकानेही कुंडली बदलते, असा त्याचा दावा. ऑगस्टीन यांनी तोच दावा उलटवला: फरक इतका सूक्ष्म असेल की मोजताच येत नाही, तर ज्योतिषी भविष्य सांगतो ते कशाच्या जोरावर?

अक्वायनस यांची भूमिका अधिक मऊ आहे. ग्रहांचा परिणाम शरीरावर होतो, शरीराचा वासनांवर आणि बहुतेक माणसं वासनांच्या मागे जातात. म्हणून समुदायाबद्दलची भाकितं पुष्कळदा खरी ठरतात. एकेका माणसाबद्दल मात्र खात्री नाही, कारण तो वासनेला नकार देऊ शकतो.

व्यवहारात दोन्ही टोकं दिसतात. १३२७ साली चेक्को द’आस्कोली या ज्योतिषाला फ्लॉरेन्समध्ये जाळण्यात आलं. त्यानंतर एकवीस वर्षांनी, ऑक्टोबर १३४८ मध्ये, पॅरिसच्या वैद्यक विद्याशाखेने राजाला प्लेगचं कारण लिहून दिलं: २० मार्च १३४५ ची कुंभ राशीतली शनी, गुरू आणि मंगळ यांची युती, तिच्यामुळे दूषित झालेली हवा.

‘फोर्तुना मायोर’ म्हणजे काय?

‘मोठं भाग्य’, ठिपक्यांवरून भविष्य पाहण्याच्या विद्येतली एक आकृती. दान्तेने ‘पुर्गातोरिओ’ या शुद्धिलोकाच्या काव्याच्या एकोणिसाव्या सर्गाच्या सुरुवातीला तिचा उल्लेख केला आहे. ही विद्या अरबीतून आली. ‘रम्ल’ म्हणजे वाळू. बाराव्या शतकात आरागोनमध्ये सांताल्याच्या ह्यूगोने तिच्यावर लॅटिनमध्ये लिहिलं. तीच अरबी विद्या भारतात आली आणि मराठीत ‘रमल’ झाली. आपल्याकडे ठिपक्यांऐवजी सहसा फासे टाकतात.

कृती अशी. मनात प्रश्न धरून, न मोजता, ठिपक्यांच्या १६ ओळी मारायच्या. प्रत्येक ओळ मोजायची: विषम आली तर एक ठिपका, सम आली तर दोन. चार-चार ओळींची एक आकृती, अशा चार ‘माता’. समजा पहिल्या चार ओळींत १३, १२, १५, १० ठिपके आले, तर आकृती १-२-१-२, म्हणजे ‘अमिस्सिओ’, हानी. २-२-१-१ आली असती तर ती फोर्तुना मायोर. मग चारही मातांच्या पहिल्या रांगा घेऊन पहिली ‘मुलगी’, दुसऱ्या रांगांची दुसरी, अशा चार मुली. यानंतर शेजारच्या दोन आकृत्यांची रांगेगणिक बेरीज, पुन्हा विषमाला एक आणि समाला दोन. आठांच्या चार, चारांचे दोन ‘साक्षीदार’, दोघांचा एक ‘न्यायाधीश’. एकूण १५ आकृत्या.

चूक पकडायची सोय पद्धतीतच आहे. मातांचा प्रत्येक ठिपका मुलींमध्ये पुन्हा येतो, म्हणजे बेरजेत दोनदा धरला जातो. म्हणून न्यायाधीशाच्या ठिपक्यांची संख्या नेहमी समच येते, आणि १६ पैकी आठच आकृत्या त्या जागी येऊ शकतात. पाच किंवा सात ठिपके आले तर बेरीज चुकली आहे, पुन्हा मांडा.

चिठ्ठ्या टाकणं पाप समजलं जाई का?

कशासाठी टाकता त्यावर. अक्वायनस यांनी तीन प्रकार केले: कोणाला काय द्यायचं हे ठरवायला, काय करावं हे विचारायला आणि पुढे काय होणार हे जाणायला. पहिला प्रकार सगळ्यात निरुपद्रवी, तिसरा सगळ्यात धोक्याचा. चर्चमधली पदं मात्र चिठ्ठीने भरायची नाहीत.

पहिल्या प्रकाराचा सर्वांत मोठा वापर फ्लॉरेन्सने केला. १३२८ नंतर पात्र ठरलेल्या नागरिकांची नावं पिशव्यांत भरून नगराच्या सर्वोच्च मंडळाचे सदस्य चिठ्ठीने काढत आणि त्यांची मुदत फक्त दोन महिने असे. घराण्यांच्या भांडणात कोणालाही खुर्ची पकडता येऊ नये हा हेतू. पळवाट होती ती आधीच्या छाननीत: पिशवीत कोणाचं नाव जाणार हे माणसंच ठरवत, आणि दबाव तिथेच यायचा.

उत्तरेकडच्या लोकांची नियती वेगळी होती का?

जुन्या इंग्रजीत ‘वीर्द’ हा शब्द आहे, ‘होणे’ या क्रियापदातून आलेला. नॉर्स पुराणातल्या ऊर्द या नियतिदेवतेचं नाव त्याच मुळातलं. ‘बेओवुल्फ’ या जुन्या इंग्रजी वीरकाव्याचा नायक म्हणतो, की ज्याचं मरण ठरलेलं नाही त्याला, त्याचं धैर्य टिकलं तर, वीर्द पुष्कळदा वाचवते. त्यातलं ‘टिकलं तर’ विसरून या लोकांना निव्वळ दैववादी ठरवणं चूक आहे.

फोर्तुना बाईच का? याला कोणा स्त्रीने उत्तर दिलं का?

लॅटिन शब्द स्त्रीलिंगी आणि मूळ रोमन देवताही स्त्री. त्यावर ‘चंचल बाई’ म्हणून शेकडो पानांची निंदा साचली. उत्तर दिलं क्रिस्तीन द पिझाँ हिने. तिचे वडील फ्रान्सच्या पाचव्या चार्ल्स राजाचे ज्योतिषी होते. १३९० मध्ये पती वारला तेव्हा ती पंचविशीत होती, घरात आई आणि मुलं. ती लेखणीवर घर चालवू लागली. १४०३ साली पूर्ण झालेल्या फोर्तुनाच्या परिवर्तनांवरच्या दीर्घ काव्यात ती लिहिते: वादळात सुकाणू धरणारा पती समुद्रात गेला, ती जहाजावर रडत पडली. फोर्तुना आली, तिच्या सर्वांगावरून हात फिरवला आणि क्रिस्तीनला जाग आली तेव्हा बोटातली लग्नाची अंगठी गळून पडली होती, शरीर दणकट झालं होतं, आवाज जड. ती उठली, जहाजाची डागडुजी केली आणि सुकाणू हातात घेतलं. फोर्तुनाबद्दल इतकं जिवंत मध्ययुगात दुसरं कोणी लिहिलं असेल असं आम्हाला वाटत नाही.

टॅरोच्या पत्त्यांमधलं चाक तेच का?

चित्र तेच. पंधराव्या शतकाच्या मध्यात मिलानच्या दरबारासाठी रंगवलेल्या पत्त्यांत वर चढणाऱ्याला आणि माथ्यावर बसलेल्याला गाढवाचे कान आहेत. पण ते पत्ते खेळायचे होते. टॅरोवरून भविष्य सांगण्याची प्रथा अठराव्या शतकातली आहे.

मूळ ग्रंथ पहिल्यांदा वाचताना कुठे अडतं?

चौथ्या भागातल्या सहाव्या गद्यावर. प्रोविदेन्तिया आणि फातुम यांतला फरक तिथे आहे आणि वाक्यं लांबलचक आहेत. तिथे थांबून कागदावर एका मध्याभोवती चार-पाच वर्तुळं काढा, मध्यावर प्रोविदेन्तिया लिहा, बाहेरच्यावर फातुम, आणि मग पुढे जा. दुसरी अडचण कवितांची. घाईत त्या गाळल्या जातात, पण तिसऱ्या भागातली नववी कविता, विश्वाच्या कर्त्याची प्रार्थना, ग्रंथाच्या मध्याशी आहे आणि तिच्यानंतर फोर्तुनाची चर्चा मागे पडते. तिथून पुढे चाक दिसत नाही, तुंब्याकडेच लक्ष जातं.